विजेच्या भांड्याचे दरोडेखोर

राईस पुलर नावाचे कोणतेही भांडे या पृथ्वीवर अस्तित्वात नाही. ते काल नव्हते, आज नाही, उद्याही असणार नाही. हे आम्ही पहिल्याच ओळीत लिहितो, कारण माढा तालुक्यातला जो वाचक चार ओळींपुढे वाचणार नाही, त्याच्यापर्यंत निदान एवढे तरी पोचलेच पाहिजे. तांब्याच्या जुन्या भांड्यावर वीज पडली, त्यात इरिडियम तयार झाले, त्या धातूत अफाट शक्ती उतरली, ती शक्ती तांदळाचे दाणे ओढून घेते, जवळ जाणारा माणूस किरणांनी जळून मरतो, आणि म्हणून अमेरिकेची ‘नासा’ किंवा आपली ‘इस्रो’ ते भांडे हजारो कोटींना घ्यायला बसली आहे, ही कथा पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत खोटी आहे. ती सांगणारा चोर आहे. त्याच्यासोबत येणारा ‘सायंटिस्ट’ चोर आहे. आणि ‘पार्टी खात्रीची आहे’ म्हणत गावातल्या माणसाला त्यांच्यासमोर नेऊन बसवणारा मध्यस्थ, मग तो भावकीतला असो, सोयरा असो की पुढारी असो, तोही चोरच आहे!

या धंद्याची रीत ठरलेली आहे. आधी ओळखीचा माणूस येतो. अमुक गावात एका म्हातारीच्या घरी भांडे निघाले आहे, मालकाला किंमत कळत नाही, आपण दहा-वीस लाख उभे केले की कंपनी शेकडो कोटी मोजणार आहे, असे तो कानात सांगतो. मग एखाद्या लॉजच्या बंद खोलीत प्रात्यक्षिक होते. ताटात तांदूळ पसरतात, भांडे जवळ नेतात आणि दाणे सरकतात. ज्याने ते पाहिले त्याची त्या रात्रीपासून झोप उडते. दाण्यांवर आधीच लोखंडाची भुकटी चढवलेली आहे आणि भांड्याच्या बुडात लोहचुंबक दडवलेले आहे, हे त्याला कोणी सांगत नाही. तांदूळ नेहमी त्यांचाच असतो, खोली त्यांचीच असते, वेळही तेच ठरवतात. नंतर सुरू होते वसुली. टोकन द्या. टेस्टिंगची फी भरा. सायंटिस्टच्या विमानाचे भाडे द्या. किरणांपासून वाचवणाऱ्या पोशाखाचे पैसे द्या. आणि टेस्टिंगच्या दिवशी पाऊस येतो, साहेब आजारी पडतात, पोशाख फाटतो, पुढची तारीख मिळते. २०१८ साली दिल्ली पोलिसांनी याच धंद्यातल्या बाप-लेकाच्या जोडीला पकडले. ‘नासा’ हे भांडे ३७,५०० कोटींना घेणार, असे सांगून त्यांनी एका व्यापाऱ्याला जवळजवळ दीड कोटीला बुडवले होते, आणि त्यांच्याकडे ते चंदेरी पोशाखही सापडले. राजधानीत, सुशिक्षित व्यापाऱ्याच्या बाबतीत जे घडले ते आमच्या वाड्या-वस्त्यांवर घडायला किती वेळ लागतो?

म्हणून विज्ञान काय म्हणते ते आम्ही इथे स्पष्ट मांडतो. इरिडियम हा खरा धातू आहे, प्लॅटिनमच्या घराण्यातला. १८०३ साली इंग्लंडमध्ये स्मिथसन टेनंट यांनी तो शोधून काढला. आज तो गाड्यांच्या भारी स्पार्क प्लगच्या टोकाला असतो. त्याचा इरिडियम-१९२ नावाचा किरणोत्सारी प्रकार अणुभट्टीत तयार करतात आणि कर्करोगाच्या उपचारात व पोलादी नळांचे सांधे तपासायला वापरतात. तांब्यावर वीज पडून तांब्याचे इरिडियम होत नाही. एका मूलद्रव्याचे दुसरे करायला अणूचे केंद्रक बदलावे लागते, आणि तांब्यापासून इरिडियम घडवणे विजेच्या लोळाच्या आवाक्यातले नाही. विजेच्या लोळात हजारो अँपिअरचा प्रवाह असतो, त्याच्या वाटेतली हवा सुमारे ३०,००० अंशांपर्यंत तापते, आणि हे सारे डोळ्याचे पाते लवण्याआधी संपून जमिनीत जाते. भांड्यात काहीही साठून राहत नाही. साखर कारखान्यांच्या धुराड्यांवर आणि उंच इमारतींवर वीजरोधक म्हणून तांब्याचीच पट्टी बसवतात. या देशात वर्षानुवर्षे अशा असंख्य पट्ट्यांवर विजा पडत आल्या आहेत. त्यातल्या एकीनेही आजवर तांदळाचा एक दाणा ओढलेला नाही! खरी ऊर्जा कशी असते हे माढा तालुक्याला दिल्लीहून येऊन कोणी शिकवण्याची गरज नाही. भीमानगरला उजनी धरणाच्या पायथ्याशी १२ मेगावॅटचे वीजगृह उभे आहे. कारखाने उसाच्या चिपाडावर वीज काढून ती तारांवर चढवतात. तिचे मीटर असते, युनिट असते, बिल असते. जी शक्ती मोजता येत नाही, उजेडात दाखवता येत नाही आणि पैसे दिल्याशिवाय प्रकट होत नाही, तिचे नाव फसवणूक.

आणि या लुटारूंनी आपल्या खोट्याला आधार म्हणून निवडले काय, तर वीज! जी वीज वळवाच्या पावसात आमच्या शेतकऱ्यांच्या, मेंढपाळांच्या, ऊसतोड मजुरांच्या अंगावर कोसळते, तिचे नाव घेऊन हे पैसे उकळतात. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या आकड्यांनुसार या देशात दरवर्षी दोन हजारांहून जास्त माणसे वीज पडून मरतात. त्यांतले बहुतेक रानात काम करणारे असतात. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने ‘दामिनी’ नावाचे अ‍ॅप बनवले आहे. ते फुकट आहे आणि आपल्या परिसरात वीज पडण्याचा धोका अर्धा-पाऊण तास आधी सांगते. आम्हाला विचारायचे आहे : तालुक्यातल्या किती ग्रामपंचायतींनी हे अ‍ॅप लोकांच्या मोबाइलमध्ये उतरवून दिले? ढग गडगडायला लागले की झाडाखाली थांबू नका, हे किती शाळांच्या भिंतींवर रंगवले आहे? खऱ्या विजेपासून माणूस वाचवण्याचे काम सरकारी यंत्रणा निवांतपणे करते, आणि खोट्या विजेचा व्यापार करणाऱ्यांच्या गाड्या मात्र रात्री-अपरात्री वेळेवर पोचतात. हे संतापजनक आहे.

भांडे हा या व्यापाराचा एकच माल झाला. दुसरा मांडूळ. दोन तोंडांचा साप समजून ज्या गरीब, बिनविषारी जिवाला पोत्यात कोंबून विकले जाते, त्याला एकच तोंड असते; शेपूट बोथट असते एवढेच. तो उंदीर खातो, म्हणजे शेतकऱ्याचा राखणदार आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्याला संरक्षण दिले आहे. तरी सोलापूर जिल्ह्यात मांडूळ विकताना पकडले गेल्याच्या बातम्या संपत नाहीत. तिसरा माल लाल पारा. २००९ साली सौदी अरेबियात अफवा उठली की सिंगर कंपनीच्या जुन्या शिलाई मशिनींत हा लाल पारा असतो, आणि लोकांनी मोडक्या मशिनींना अवाच्या सवा किंमत मोजली. तिथेही काही निघाले नाही. निघणार कुठून?

यापुढचा माल मात्र रक्ताने भरलेला आहे, आणि इथे आम्हाला थांबून बोलावे लागेल. गुप्तधन! जमिनीत पुरलेल्या धनावर शक्तीचा पहारा असतो, ती शक्ती बळी मागते, आणि पायाळू माणसाला ते धन दिसते, या समजुतीने महाराष्ट्रात माणसे मारली गेली आहेत. मूल पायाकडून जन्मले, एवढाच काय तो पायाळूचा गुन्हा. दवाखान्यात डॉक्टरांनी सोडवलेली एक अवघड प्रसूती, तिच्यावरून एखाद्या मुलाच्या मानेवर आयुष्यभर सुरी टांगून ठेवायची? टांझानियात जन्मतः पांढऱ्या कातडीच्या माणसांचे हातपाय जादूच्या शक्तीसाठी तोडून नेले जातात, हे वाचून आम्ही हळहळतो. परभणी जिल्ह्यातले मानवत आम्हाला आठवत नाही काय? १९७२ ते १९७४ या काळात त्या गावात एकामागून एक मुली आणि बायका मारल्या गेल्या. कारण होते गुप्तधन आणि मूल होण्याची हाव. मानवत जुने झाले असे कोणी म्हणेल, तर त्याने म्हैसाळकडे पाहावे. २० जून २०२२ रोजी मिरज तालुक्यातल्या या गावात दोन सख्ख्या भावांच्या घरांत नऊ मृतदेह सापडले. एक भाऊ शिक्षक, दुसरा पशुवैद्य. म्हातारी आई, बायका, मुले, सगळे संपले. आधी सारे म्हणाले, कर्जापायी सामुदायिक आत्महत्या. मग पोलिसांनी खुनाचा गुन्हा नोंदवला. गुप्तधन काढून देतो म्हणून या कुटुंबाकडून मोठी रक्कम उकळणाऱ्या मांत्रिकाने पैसे परत मागितले जाताच विष घातले, असा पोलिसांचा आरोप आहे. तो मांत्रिक सोलापूरचा! आरोप सिद्ध करणे न्यायालयाचे काम आहे. पण नऊ माणसांची राख झाल्यावरही ज्या जिल्ह्यात मांत्रिकांच्या दारातली गर्दी हटत नाही, त्या जिल्ह्याच्या प्रशासनाला आम्ही आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करतो.

शिक्षक आणि पशुवैद्य! म्हणजे अडाणीपणाकडे बोट दाखवून आता कोणाला सुटता येणार नाही. पदवीधर माणसे घरातली ‘निगेटिव्ह एनर्जी’ काढायला हजारो रुपयांचे दगड, पिरॅमिड आणि ब्रेसलेट विकत घेतात. टीव्हीवर त्याच्या जाहिराती चालतात. शहरात जिला एनर्जी म्हणतात, तिलाच आमच्याकडे बाहेरचे म्हणतात. माल एकच आहे, दर तेवढे वेगळे.

करणी आणि भानामतीचा कहर आमच्या या पट्ट्याने, मराठवाडा आणि कर्नाटकाच्या वेशीवरच्या गावांनी, पिढ्यान्‌पिढ्या सोसला आहे. अंगावर आपोआप फुल्या उमटतात, दांडीवरचे कपडे पेटतात, छपरावर दगड पडतात, भाकरीत शेण निघते, बायका कुत्र्यासारख्या भुंकायला लागतात. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी गावोगाव जाऊन हे प्रकार तपासले. फुल्या बिब्ब्याच्या तेलाच्या निघाल्या. आग रसायनांची निघाली. दगड फेकणारा हात बहुधा त्याच घरातला निघाला, आणि तो हात अनेकदा अशा माणसाचा होता ज्याचे घरात कोणी ऐकत नव्हते : सासुरवासात पिचलेली सून, शाळा सोडायला लावलेली पोर. भुंकणाऱ्या बाईला मनाच्या डॉक्टरची आणि चार प्रेमाच्या शब्दांची गरज होती. तिला मिळाले काय? मिरचीची धुरी. चाबूक. साखळी. पायताण बुडवलेले पाणी. देवऋषी तिचे केस धरून विचारतो, ‘बोल, कुणी केलंय?’ आणि मार थांबावा म्हणून ती कोणाचे तरी नाव घेते. ते नाव कोणाचे असते, हे गावातल्या प्रत्येकाला माहीत आहे. ते असते विधवेचे, एकटीचे, जमिनीत वाटा मागणाऱ्या जावेचे. ज्या बाईच्या बाजूने बोलायला कोणी नाही तिच्यावर गावाचा सगळा राग काढायचा, याला शक्ती म्हणतात? हा भ्याडपणा आहे, आणि तो पाहूनही गप्प बसणारा प्रत्येक पंच, प्रत्येक पोलीस पाटील त्यात भागीदार आहे.

साप चावलेल्या माणसाला दवाखान्याऐवजी मंत्र घालायला नेणाऱ्याला तर आम्ही मारेकरीच समजतो. नाग, मण्यार, घोणस, फुरसे या चारही विषांवर चालणारी लस आहे. ती वेळेवर दिली की माणूस वाचतो. विंचवाचे म्हणाल तर महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी प्राझोसिन हे साधे औषध वापरून कोकणातले हजारो जीव वाचवले आणि त्यांचे काम जगभरच्या डॉक्टरांनी मानले. तो माणूस रात्र-रात्र खेड्यातल्या रुग्णांच्या उशाशी बसून रक्तदाब मोजत होता. मंत्र पुटपुटून दक्षिणा घेणाऱ्याला त्याच्या रांगेत उभे करू नका.

हे सारे रोखायला कायदा नाही, असे कोणी सांगू नये. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकरांना गोळ्या घातल्या गेल्या. ज्या कायद्यासाठी त्यांनी दीड दशकाहून जास्त काळ विधिमंडळाचे उंबरे झिजवले, त्याचा वटहुकूम सरकारने त्यांच्या खुनानंतर चार दिवसांत काढला. जे काम त्यांच्या हयातीत होत नव्हते ते त्यांच्या चितेची धग निवण्याआधी झाले, ही या राज्याच्या कपाळावरची कायमची खूण आहे. डिसेंबर २०१३ मध्ये विधिमंडळाने हा जादूटोणाविरोधी कायदा केला. खून करणाऱ्या दोघांना जन्मठेप व्हायला १० मे २०२४ उजाडावा लागला, आणि कटाच्या आरोपातले तिघे सुटले. एका माणसाच्या प्राणाच्या किमतीत मिळालेला हा कायदा तुमच्या तालुक्यात धूळ खात पडू द्यायचा काय?

त्यात काय आहे ते ऐका. भूत उतरवण्याच्या नावाने मारणे, बांधणे, धुरी देणे गुन्हा. करणी-भानामतीच्या नावाने जाच करणे, गुप्तधनासाठी अघोरी कृत्य करणे गुन्हा. एखाद्या बाईला चेटूक करणारी म्हणून जाहीर करणे गुन्हा. चमत्कार दाखवून पैसे उकळणे गुन्हा. कुत्रा, साप, विंचू चावल्यावर उपचार घेऊ न देता गंडा-दोरा करणे गुन्हा. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत, दंड पाच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र. या कायद्याने दक्षता अधिकारी नेमायचा आहे आणि तो पोलीस निरीक्षकाच्या दर्जाखालचा चालत नाही. माढ्यासाठी हा अधिकारी कोण आहे? त्याचे नाव आणि फोन नंबर माढा, कुर्डुवाडी आणि टेंभुर्णीच्या पोलीस ठाण्यांबाहेर मोठ्या अक्षरांत का लागत नाही?

कायद्याने देवाधर्मावर घाला घातला, अशी ओरड ज्यांनी तेव्हा केली ते आजही ती करतात. ती ओरड साफ खोटी आहे. पूजा, वारी, कीर्तन, प्रवचन, यात्रा, नवस यांना या कायद्याने हात लावलेला नाही. माढेश्वरीच्या दर्शनाला जाणाऱ्या भक्ताच्या केसालाही त्यामुळे धक्का लागत नाही. आणि भक्ती कशी करायची हे माढा तालुक्याला भोंदू शिकवणार? अरण याच तालुक्यात आहे. संत सावता माळ्यांनी इथेच मळा केला, भाजीपाल्यात पांडुरंग पाहिला, १२९५ साली इथेच देह ठेवला, आणि त्यांच्या भेटीला पंढरीचा देव स्वतः अरणला येतो अशी परंपरा आपण आजही पाळतो. त्यांनी कोणाचा उतारा काढला नाही, कोणाकडून टोकन घेतले नाही. मोटेवर आणि खुरप्यावर ज्यांनी देव मिळवला, त्यांच्या मातीत आज काळ्या बाहुल्या आणि लिंबे पुरली जातात, याची चीड ज्याला येत नाही त्याने वारकरी म्हणवून घेऊ नये.

एक गोष्ट मात्र आम्ही फसलेल्यांच्या बाजूने ठासून सांगतो. ऊस घातल्यावर चौदा दिवसांत बिल मिळाले पाहिजे, असे १९६६ चा ऊस नियंत्रण आदेश सांगतो. ते महिनोन्‌महिने लटकते. डाळिंबाच्या बागेवर तेल्या येतो आणि एका पावसात सगळी बाग काळी पडते. बँक दारात, सावकार दारात, मुलीचे लग्न ठरलेले. अशा वेळी कानात कोणी कोटीचा आकडा सांगितला तर माणूस डळमळतो. त्याला हावरट म्हणून हसणाऱ्यांनी आधी थकलेल्या बिलांचा हिशेब मागावा. वेळेवर पैसे न देणारे कारखानदार या दरोडेखोरांना गिऱ्हाईक तयार करून देत आहेत, असा आमचा स्पष्ट आरोप आहे. आणि देवऋषीच्या पाया पडतानाचे फोटो मिरवणाऱ्या पुढाऱ्यांनो, तुमच्या त्या एका फोटोने त्याचे दुकान वर्षभर चालते. ते बंद करा.

भांडेवाल्यांना आमचे जाहीर आव्हान आहे. माढ्याच्या एसटी स्थानकासमोर भर दुपारी या. तांदूळ वाण्याच्या दुकानातून आम्ही आणू, ताट आमचे, आणि भांडे तपासायला हायस्कूलचा विज्ञानाचा शिक्षक आमचा. महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीने चमत्कार सिद्ध करणाऱ्याला २१ लाखांचे बक्षीस केव्हाच लावलेले आहे. ते आजवर कोणालाही जिंकता आलेले नाही.

आता तालुक्यातल्या ग्रामसभांना. येत्या ग्रामसभेत ठराव घ्या : आमच्या हद्दीत भांडे, मांडूळ, गुप्तधन, करणी यांचा धंदा करणाऱ्याची खबर त्याच दिवशी पोलिसांना दिली जाईल, आणि कोणत्याही बाईला करणीवाली म्हणणाऱ्यावर ग्रामपंचायत स्वतः फिर्याद देईल. ठरावाची प्रत तहसीलदारांकडे द्या आणि पोच घ्या.

आणि ज्यांचे पैसे गेले आहेत त्यांना. लाज तुम्ही बाळगू नका, ती चोराने बाळगायची आहे. लोक हसतील म्हणून तुम्ही गप्प बसता आणि तोच माणूस पुढच्या महिन्यात तुमच्या मेव्हण्याच्या दारात उभा राहतो. मोबाइलमधले मेसेज पुसू नका, पैसे पाठवल्याच्या पावत्या जपा, गाडीचा नंबर आठवत असेल तर लिहून ठेवा. पोलीस ठाण्यात जा आणि जादूटोणाविरोधी कायदा व फसवणुकीचे कलम, दोन्ही लावायला सांगा. तक्रार घेतली नाही तर तीच तक्रार लेखी, टपालाने, सोलापूरच्या पोलीस अधीक्षकांना पाठवा. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ ने तो हक्क तुम्हाला दिलेला आहे. एक प्रत आमच्या कचेरीत आणून द्या. तुमचे नाव गाळून आम्ही ती पहिल्या पानावर छापू, आणि गुन्हा दाखल होईपर्यंत छापत राहू.